लाल भोपळ्याचे बी घरी कसे राखावे?

लाल भोपळ्याला काही ठिकाणी डांगर, काशीफळ किंवा गंगाफळ असेही म्हणतात. भाजीसाठी किंवा घारग्यांसाठी भोपळा चिरला की मधल्या गरात भरपूर बिया निघतात. त्यांतल्या मूठभर धुऊन वाळवल्या की पुढच्या पावसाळ्याचे बियाणे तयार झाले, असा सर्वसाधारण समज आहे. बी उगवण्यासाठी एवढे पुरतेही. पण उगवलेल्या वेलाला आधीसारखेच भोपळे लागतील की नाही, हे फळ चिरण्याच्या कितीतरी आधी, फूल उमलते त्या सकाळीच ठरलेले असते.

कोणत्या भोपळ्याचे बी राखता येते?

भोपळ्याच्या वाणांचे सरळ वाण आणि संकरित वाण असे दोन प्रकार आहेत. परसात पिढ्यान्‌पिढ्या लावला जाणारा गावरान भोपळा सरळ वाणाचा असतो. बेंगळुरूच्या भारतीय बागायती संशोधन संस्थेचे ‘अर्का चंदन’ आणि ‘अर्का सूर्यमुखी’ हेही सरळ वाण आहेत. अशा वाणांचे बी दरवर्षी राखता येते. पाकिटावर ‘संकरित’ किंवा ‘एफ-१’ असे लिहिले असेल, तर त्या फळातले बी उगवते, पण पुढच्या पिढीत प्रत्येक वेलाचे फळ आकाराने, रंगाने आणि चवीने वेगळे निघू शकते. बाजारातून आणलेल्या भोपळ्याचा वाण माहीत नसतो, त्यामुळे त्याच्या बियांचा भरवसा धरता येत नाही.

फुलातच ठरणारी जात

भोपळ्याच्या एकाच वेलावर नर आणि मादी अशी वेगवेगळी फुले येतात. नर फुलाचा देठ लांब आणि सडपातळ असतो. मादी फुलाच्या पाकळ्यांखाली चिमुकला भोपळा दिसतो. फूल पहाटे उमलते, दुपारपर्यंत मिटते आणि तेवढ्या वेळात मधमाश्या पराग इकडून तिकडे नेतात. त्या कुंपण पाहत नाहीत. म्हणूनच प्रमाणित बियाण्याच्या शेतात भोपळ्याच्या दोन वाणांमध्ये किमान ५०० मीटर अंतर ठेवावे लागते. गावात शेजारच्या परसात दुसऱ्या वाणाचा वेल असेल, तर एवढे अंतर मिळत नाही.

परपराग आला तरी त्या वर्षीच्या फळात फरक दिसत नाही. गर आणि साल आईच्या वेलाप्रमाणेच असतात. बदल फक्त बियांमध्ये होतो आणि तो पुढच्या वर्षीच्या फळात उघड होतो. त्यामुळे भेसळ कळते तेव्हा उशीर झालेला असतो.

लाल भोपळ्याचा दुधी, दोडका, काकडी किंवा कलिंगडाशी संकर होत नाही, त्यामुळे हे वेल जवळ असले तरी काळजी नसते.

हाताने परागीभवन

जवळपास दुसरा लाल भोपळा असेल, तर उपाय सोपा आहे आणि त्याला फक्त दोरा लागतो.

१. दुसऱ्या दिवशी उमलणाऱ्या कळ्या आदल्या संध्याकाळी पिवळसर दिसू लागतात. एक मादी आणि दोन-तीन नर कळ्यांची टोके दोऱ्याने अलगद बांधावीत. नर कळ्या शक्य तर त्याच वाणाच्या दुसऱ्या वेलावरच्या घ्याव्यात.
२. सकाळी लवकर नर फूल तोडून त्याच्या पाकळ्या काढाव्यात. मादी फूल उघडून त्याच्या मधल्या भागावर नर फुलातील पराग हलकेच घासावेत.
३. मादी फूल लगेच पुन्हा बांधावे आणि देठाला रंगीत चिंधी बांधून खूण करावी. फळ धरले नाही, तर दुसऱ्या फुलावर पुन्हा प्रयत्न करावा.

एकाच फळावर अवलंबून राहू नये. शक्य असेल तर पाच-सहा निरोगी वेलांचे बी एकत्र राखावे. पानांवर पिवळे-हिरवे चट्टे पडून ती आकसलेली असतील, तर त्या वेलाचे बी घेऊ नये.

फळ कधी तोडावे?

भाजीचे फळ कोवळेही चालते, बियाण्याचे मात्र पूर्ण पिकलेले लागते. साल इतकी कडक व्हावी की नख रुतू नये, आणि देठ वाळलेला असावा. तोडल्यावरही असे फळ सावलीत, हवेशीर जागी आणखी तीन आठवडे ठेवावे. या काळात आतले बी भरत राहते.

चिरल्यावर गराचा छोटा तुकडा जिभेला लावून पाहावा. तो कडू लागला, तर लगेच थुंकावा, ते फळ खाऊ नये आणि त्याचे बीही राखू नये. भोपळावर्गीय फळांतला कडूपणा कुकुरबिटासिन नावाच्या विषारी द्रव्यांमुळे येतो. शिजवल्याने ही द्रव्ये जात नाहीत आणि कडूपणाचा गुण बियांतून पुढे जाऊ शकतो.

धुणे आणि निवडणे

बिया गरातून सोडवून पाण्यात चोळून धुवाव्यात. पाण्यावर तरंगते ते बी पोचट, हा नियम भोपळ्याला नेहमी लागू पडत नाही, कारण आत हवा असल्याने चांगले बीही तरंगू शकते. वाळल्यावर बोटांनी दाबून पाहणे अधिक खात्रीचे. चपटे आणि हलके बी बाजूला काढावे. उकडलेले किंवा भाजलेले बी उगवत नाही, म्हणून खायच्या बिया आणि बियाण्याच्या बिया आधीच वेगळ्या कराव्यात.

परभणीच्या उन्हात वाळवताना

परभणी जिल्ह्यात मे महिन्यात पारा ४० अंशांच्या वर जातो, आणि उन्हातला पत्रा किंवा स्लॅब त्याहून कितीतरी जास्त तापतो. तशा तापलेल्या जागी पसरलेल्या बियांतला अंकुर मरू शकतो. म्हणून सुपात किंवा सुती कापडावर एका थरात पसरून त्या सावलीत, वाऱ्यावर वाळवाव्यात आणि दिवसातून दोन-तीनदा हलवाव्यात. कागदावर ओल्या बिया चिकटून बसतात. आठ-दहा दिवसांनी बी वाकवल्यावर लवत असेल, तर ते अजून ओले आहे. कट्‌ करून मोडले, तर ते वाळले.

पावसाळा निभावणे

खरिपातल्या वेलाचे बी हिवाळ्यात हाती येते आणि जूनच्या पेरणीला सहज उपयोगी पडते. पुढच्या वर्षासाठी शिल्लक ठेवलेल्या बियांना मात्र पावसाळा काढावा लागतो. दमट हवेत बी ओलावा शोषून घेते, त्याला बुरशी लागते आणि त्याची उगवणशक्ती घटते. बियाणे-शास्त्रात एक ढोबळ नियम सांगितला जातो: बियांतला ओलावा एक टक्क्याने कमी झाला की त्यांचे आयुष्य साधारण दुप्पट होते, आणि साठवणुकीचे तापमान पाच अंशांनी उतरले तरीही तसेच होते.

यासाठी घट्ट झाकणाची काचेची बरणी चांगली. गाडग्यात राखेत बी ठेवण्याची जुनी पद्धतही कामाची आहे. राख चाळलेली, थंड आणि कोरडी असावी. ती ओलावा शोषते आणि किडींना अटकाव करते. बरणी शीतकपाटात ठेवल्यास बाहेर काढल्यावर ती खोलीच्या तापमानाला आल्याशिवाय उघडू नये, नाहीतर आत दव धरते. बरणीवर वाणाचे नाव आणि वर्ष लिहावे. नीट वाळवून ठेवलेले बी साधारण तीन-चार वर्षे चालते.

पेरणीपूर्वी तपासणी

मृग नक्षत्राआधी वीस बिया ओल्या कापडात गुंडाळून उबदार जागी ठेवाव्यात. कापड ओलसर राहावे, निथळते नसावे. आठवड्याभरात सोळा उगवल्या, तर उगवण ८० टक्के. निम्म्याच उगवल्या, तर एका आळ्यात दुप्पट बिया टाकाव्यात. थंडीत ही चाचणी फसवी ठरू शकते, कारण भोपळ्याच्या बियांना उगवायला ऊब लागते.

बी देणे-घेणे कायदेशीर आहे का?

होय. वनस्पती वाण आणि शेतकरी हक्क संरक्षण कायदा, २००१ नुसार शेतकरी आपल्या शेतातले बी राखू, पेरू, वाटू, बदलून घेऊ आणि विकू शकतो. संरक्षित वाणाचे बी ब्रँडच्या नावाने विकण्यास मात्र मनाई आहे. अहिल्यानगर जिल्ह्यातल्या कोंभाळणे गावच्या राहीबाई पोपेरे यांनी अशाच देवाणघेवाणीतून भाज्या आणि धान्यांचे गावरान वाण जपले. त्यांना २०२० साली पद्मश्री जाहीर झाली. वाण एकाच घरात असेल, तर एक ओली बरणी तो संपवू शकते. तोच चार घरांत असेल, तर एका घरचे बी गेले तरी दुसऱ्या घरून परत आणता येते.