खरेदीचा कागद

कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीनं 1925 साली 'सावकारी पाश' नावाचा मूकपट काढला. तोवर पडद्यावर दिसायचं कोण? देव, ऋषी, द्रौपदी, नाहीतर मावळे आणि किल्ले. खुद्द बाबूराव पेंटरांनी 'सैरंध्री' आणि 'सिंहगड' काढून नाव कमावलं होतं. त्याच माणसानं मग एका कुणब्याचं घर पडद्यावर आणलं. गोष्ट ना. ह. आपट्यांची. तरुण शेतकरी झाले होते व्ही. शांताराम, पुढं प्रभात काढणाऱ्यांतले एक, तेच हे.

गोष्ट दोन ओळींत मावते. सावकार खोट्या कागदाच्या जोरावर शेतकऱ्याची जमीन गिळतो आणि शेतकरी शहरात जाऊन गिरणीकामगार होतो. बस्स. पण आमच्या सातारा जिल्ह्याच्या दुष्काळी पट्ट्यातल्या माणसाला ही हकिकत सांगा, तो म्हणेल, सिनेमा कसला, ही तर आमच्या भावकीतली गोष्ट.

आमच्या घरचीच घ्या. त्याच सुमाराला आज्जाच्या थोरल्या भावानं, आमच्या थोरल्या आज्जानं, बैलासाठी सावकाराकडनं पैसे काढले. सावकाराचं नाव कशाला घ्या, त्याची पणतवंडं आज आमच्याबरोबर हरिनाम सप्ताहाला बसतात. कर्ज साधंच होतं, पण कागद झाला तो खरेदीचा. 'लिहायची रीत असती ती, पैसं फिटलं की रान तुझंच,' असं तोंडी सांगितलं. थोरल्या आज्जाला अक्षरओळख नव्हती. डाव्या हाताचा अंगठा उठवला. तीन वर्षांत रान गेलं आणि तो मुंबईला गिरणीत लागला. आज्जा सांगायचा, "कागूद वाचून दावला की रं. पर वाचणाराबी त्येचाच आन् साक्षीदारबी त्येचंच."

कर्जाला खरेदीचा कागद, ही तऱ्हा कुठून आली, त्याला इतिहास आहे. 1861 ला अमेरिकेत यादवी पेटली, तिकडचा कापूस बंद झाला आणि आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. सावकार उदार झाला, मागाल तेवढं देऊ लागला. 1865 ला तिकडं लढाई संपली. भाव कोसळला. त्याच्या मागोमाग सरकारनं शेतसारा वाढवला, सावकारानं हात आखडला आणि जुनी बाकी मात्र जोरात वसूल करायला घेतली. 12 मे 1875 ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात लोक उठले. सावकारांची घरं-दुकानं फोडली, नगर जिल्ह्यातही लोण गेलं. लोकांनी मागितलं काय, तर वह्या आणि खतं. त्यांची होळी केली. माणसांना मारहाण फारशी झाली नाही. वैर कुणाशी आहे हे त्या अडाणी म्हणवल्या जाणाऱ्या माणसांना नेमकं कळलं होतं.

सरकारनं चौकशी आयोग नेमला आणि 1879 मध्ये पुणे, सातारा, नगर, सोलापूर या जिल्ह्यांतल्या शेतकऱ्यांसाठी कायदा केला. कोर्टाला आता नुसत्या कागदावर न जाता व्यवहार मुळापासून तपासता येऊ लागला, कर्जाला हप्ते बांधून देता येऊ लागले. कायदा चांगलाच होता. पण सावकार काय कमी शिकलेला? कर्जखताची, गहाणखताची चौकशी होते ना, मग ते नकोच. सरळ खरेदीखत लिहून घ्या. थोरला आज्जा त्याच वाटेनं गेला.

म्हणून मला त्या मूकपटाचं अप्रूप वाटतं. सुप्याच्या लोकांनी जो कागद जाळला, तो पन्नास वर्षांनी बाबूरावांनी कथेच्या मध्यभागी ठेवला. बाबूराव मुळात चित्रकार, कॅमेरादेखील घरी बनवलेला. उजेड-अंधाराची नजर होतीच. ज्यांनी हा मूकपट पाहिला, त्यांच्या लक्षात राहिली ती एक अंधारी झोपडी आणि रडणारं कुत्रं. आवाज नसलेल्या पडद्यावरचं ते रडणं लोक विसरले नाहीत. आणखी एक गोष्ट मनात येते. मूकपटात अधूनमधून मजकुराच्या पाट्या यायच्या. ज्याला वाचता येत नाही त्यानं शेजाऱ्याकडनं वाचून घ्यायच्या. म्हणजे थिएटरातही कुणब्याला वाचणारा दुसराच लागणार! फरक एवढाच, की इथं सावकाराचा चेहरा त्याला स्वतःच्या डोळ्यांनी बघता येत होता.

जाणत्यांनी वाखाणला, पण गर्दी काही झाली नाही. लोकांना देवादिकांची आणि लढायांची चटक लागली होती, बाबूरावही पुन्हा तिकडंच वळले. मला वाटतं, ज्याची गोष्ट तो थिएटरपर्यंत पोचलाच नसावा. थिएटरं शहरात, तिकिटाला पैसे लागणार. पुढं 1953 मध्ये बिमल रॉय यांनी 'दो बिघा जमीन' काढला, त्यात शेतकरी कलकत्त्याला रिक्षा ओढायला जातो. लोक त्याला नव्या वळणाचा सिनेमा म्हणाले. आमच्या कोल्हापूरनं ती वाट अठ्ठावीस वर्षं आधी तुडवली होती, हे किती जणांना ठाऊक?

1936 साली बाबूरावांनी हीच गोष्ट बोलपट करून पुन्हा काढली. आता पडद्यावरच्या शेतकऱ्याला वाचा आली. थोरला आज्जा तेव्हा लालबागला खोलीत आठ जणांत राहत होता. सिनेमाला पैसे घालवणाऱ्यातला तो नव्हता. सुट्टीला गावी आला, की एसटी नसलेल्या त्या काळात स्टेशनापासनं चालत यायचा. जवळची वाट आमच्या जुन्या रानाच्या बांधावरनं होती. तो मात्र ओढ्यातनं फेर घालून यायचा, धोतर गुडघ्यापर्यंत भिजवत.