पुकारा झाला, माणूस आला नाही

कोर्टाच्या दारात शिपाई नाव पुकारतो. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. वादी येत नाही. न्यायाधीश दोन ओळी लिहितात आणि वर्षानुवर्षं चाललेला दावा निकाली निघतो. वकील म्हणतात, ‘डिफॉल्टमध्ये गेला.’ आता बघा, इथे नेमकं काय ठरलं? माणूस आला नाही, हे ठरलं. त्याचा हक्कच नव्हता, हे ठरलं का?

प्रश्न फार जुना आहे. इसवी सनापूर्वी 451-450 च्या सुमारास रोममध्ये बारा कोष्टकांचा कायदा झाला. दुपारपर्यंत एक पक्ष आला नाही, तर हजर असलेल्याच्या बाजूने निकाल द्यावा, असा त्यात नियम होता. पण गंभीर आजार असेल तर तारीख पुढे ढकलावी, हेही त्याच कायद्यात होतं. आपल्याकडे नारदस्मृतीने ‘हीन’ म्हणजे दुबळ्या ठरणाऱ्या पक्षकाराचे पाच प्रकार सांगितले. त्यात एक ‘नोपस्थाता’, म्हणजे हजर न होणारा. गैरहजेरी हे खोटेपणाचं लक्षण, असा संशय त्यामागे दिसतो.

1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत हा संशय नाही, शिस्त आहे. नवव्या आदेशाच्या आठव्या नियमानुसार प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर असेल, तर दावा फेटाळला जातो. प्रतिवादीने काही भाग कबूल केला, तर तेवढ्यापुरता हुकूमनामा होतो. नववा नियम त्याच कारणावर नवा दावा लावू देत नाही. मात्र ‘पुरेसं कारण’ दाखवलं तर जुना दावा पुन्हा उभा राहतो. त्यासाठी मुदत 30 दिवसांची.

हा नियम निष्ठुर आहे का? घाईने हो म्हणू नका. समोरचा माणूसही मजुरी बुडवून, एस.टी.चं भाडं भरून आलेला असतो. त्याला किती खेपा घालायला लावायच्या?

पण वादी स्वतः चुकलाच नसेल तर? 1981 साली ‘रफिक विरुद्ध मुन्शीलाल’ या प्रकरणात असंच झालं होतं. वकील आला नाही म्हणून अलाहाबाद उच्च न्यायालयात अपील फेटाळलं गेलं. पक्षकाराने वकील नेमला होता, त्याच्यावर विसंबला होता. त्याने आणखी काय करायचं? सर्वोच्च न्यायालयाने ते अपील पुन्हा सुनावणीला लावलं. त्याआधी 1955 मध्ये, नागपूरला मुख्य न्यायमूर्ती राहिलेले व्हिव्हियन बोस यांनी संग्रामसिंह खटल्यात बजावलं होतं, की प्रक्रिया न्याय सुकर करण्यासाठी असते, माणसाला अडकवण्यासाठी नव्हे. आणि 1996 च्या बनीसिंग निकालाने फौजदारी अपील नुसत्या गैरहजेरीवर फेटाळायला मनाई केली. कागदपत्रं वाचा, गुणदोष बघा, मग निकाल द्या. कारण तिथे पणाला माणसाचं स्वातंत्र्य लागलेलं असतं.

मी तत्त्वज्ञानाचा मास्तर, म्हणून शेवटी एवढंच सांगतो. आपल्या मीमांसकांनी ‘अनुपलब्धी’ हे प्रमाण मानलं, पण अट घालून. जी वस्तू असती तर दिसलीच असती, तीच दिसली नाही म्हणून नाही म्हणता येते. उजेडात टेबलावर घागर दिसत नाही, म्हणजे ती नाही. पण अंधारात? कोर्टात माणूस दिसला नाही, यावरून माणूस नाही एवढंच कळतं. त्याचा हक्क काही डोळ्यांना दिसणारी वस्तू नव्हे. म्हणून ‘आला नाही’ असं लिहून झाल्यावर ‘का आला नाही?’ हे विचारायची जागा कायद्याने राखून ठेवली आहे. ती जागा शाबूत राहिली पाहिजे.