मूकपटातला घरजावई

डिसेंबर १९२४. तुम्ही बेळगावच्या कॅम्पात उभे आहात. तिकडे टिळकवाडीच्या बाजूला गांधीजींच्या अध्यक्षतेखाली काँग्रेसचं अधिवेशन भरतंय. इकडे मैदानात सिनेमाचा तंबू लागलाय. आत शिरा. पुढे जमिनीवर मराठा पलटणीतले शिपाई, मागे खुर्च्यांवर गोरे साहेब, कडेला पडद्याआड बायका. मराठी, कानडी, कोंकणी, उर्दू, इंग्रजी अशा सगळ्या भाषा एकदम कानावर येतात.

आज आपण विनोदवीर बस्टर कीटनचा १९२२चा दोन रिळांचा ‘माय वाइफ्स रिलेशन्स’ लावू. पेटीवाला सूर धरतो, ऑपरेटर हँडल फिरवू लागतो.

फुटलेल्या काचेवरून एक दांडगी बाई बस्टरला न्यायाधीशापुढे ओढत नेते. न्यायाधीशाला येते फक्त पोलिश. लग्नाला आलेलं जोडपं हेच, असं समजून तो दोघांचं लग्न लावून मोकळा होतो! साहेबाच्या कचेरीत न कळणाऱ्या भाषेत निकाल ऐकलेली माणसं पोट धरून हसतात.

बस्टर घरजावई होतो. घरात सासरा आणि चार आडदांड मेहुणे. जेवताना मांसाचं ताट त्याच्यापर्यंत येईतो रिकामं. मग तो हळूच भिंतीवरच्या कॅलेंडरवर शुक्रवार लावतो. घर कॅथलिक, शुक्रवारी मांस वर्ज्य. मेहुण्यांचे हात जागीच थबकतात. कॅम्पातल्या ख्रिस्ती कुटुंबांना हे लगेच कळतं, आणि संकष्टी पाळणाऱ्यांनाही. पुढे बस्टरजवळ दुसऱ्याच कुणाच्या वारशाचं पत्र सापडतं. लाख डॉलरांचा धनी समजून सासर त्याला डोक्यावर घेतं. खरं कळताच अंगावर धावून येतं.

आता पडद्याआडच्या बायकांच्या हसण्याकडे कान द्या. आपल्याकडे जावयाचा मानपान, अधिक महिन्यात वाण. शेवटच्या पंगतीला उरलंसुरलं खाणं, येताजाता बोलणी, माहेरून काय आणलं यावर ठरणारी किंमत, हे सगळं मात्र सुनेच्या वाट्याचं. आज ते एका पुरुषाच्या वाट्याला आलंय, आणि ते किती अन्यायाचं आहे हे अख्ख्या तंबूला दिसतंय.

घरी ज्याबद्दल ब्र काढता येत नाही, त्यावर या बायका इथे चारचौघांत मोठ्याने हसू शकतात. सासरच्या गमतीचे हे जुने मूकपट मला म्हणूनच मोलाचे वाटतात: सुनेचं दुखणं त्यांनी, भाषेची अडचण न येता, सगळ्यांना एकदम कळवलं.