बुऱ्हाणपूरची सराई

मुक्ताईनगरहून बुऱ्हाणपूरला जाताना महाराष्ट्राची सीमा ओलांडली की इच्छापूर लागते. टेकडीवर इच्छादेवीचे देऊळ. खानदेशातली माणसे इथे नवसाला येतात. पायऱ्या चढताना दमलेल्या बाईच्या कडेवरचे मूल कोणी अनोळखी घेते, वर पोचल्यावर परत देते. पुन्हा त्यांची गाठ पडत नाही.

पुढे बुऱ्हाणपूर शहरात अशा घटकाभरच्या सोबतीची जागा म्हणजे सराई. मोगल काळात हे सुरत-आग्रा वाटेवरचे मोठे ठाणे. जहांगीराच्या काळातली अकबरी सराई तिथे अजून आहे.

या वाटेने 1656 साली निकोलाव मनुची गेला. आपण गोमंतकीय त्याला ओळखतो ते संभाजीराजांच्या 1683 च्या स्वारीमुळे. त्या वेळी पोर्तुगीज विजरईने त्याला राजांकडे बोलणी करायला धाडले होते. पण बुऱ्हाणपुरातून गेला तो अठराएक वर्षांचा पोर, व्हेनिसच्या घरातून पळालेला, लॉर्ड बेलमाँट या इंग्रज सरदाराचा चाकर. त्याच वर्षी आग्र्याहून दिल्लीला जाताना होडल येथे बेलमाँट वारला. सरकारी अंमलदारांनी सामान जप्त केले. परक्या मुलखात पोर एकटा उरला.

याच मनुचीने पुढे मोगल मुलखातल्या सराईंचे वर्णन लिहून ठेवले. संध्याकाळी दरवाजे बंद होत. पहाटे रखवालदार तीनदा हाक देऊन प्रत्येकाला आपले सामान पाहायला सांगे. कुणाचे काही गेले असेल, तर ते सापडेपर्यंत दरवाजे उघडत नसत.

मला ही रीत फार मोलाची वाटते. रात्रभर शेजारच्या खोलीतल्या माणसाचे नावही कुणी विचारलेले नसेल. पहाटे मात्र एकाचे गाठोडे हरवले की सगळी सराई त्याच्यासाठी खोळंबे. यात मायेपेक्षा नियमाचा भाग अधिक, हे खरे. तरी तेवढी घटका तो परका एकटा नसे.

आपल्याकडे मंगेशीच्या किंवा कवळ्याच्या अग्रशाळेत उतरलो की आधी गाव विचारतात, मग कूळ. धागा जुळला की पाहुणा घरचा होतो. पण ज्याचा धागा कुठेच जुळत नाही, त्या मनुचीसारख्या पोराला सराईचाच आधार.

आज पणजीत एकाच जिन्यावर राहणाऱ्यांना एकमेकांची नावे ठाऊक नसतात. नसोत. समोरच्या दाराशी दुधाची पिशवी दुपारपर्यंत तशीच पडलेली दिसली, तर बेल वाजवून विचारावे. सराईचा रखवालदार एवढेच करीत असे.