कमानिया गेटची संत्री आणि पंचातला पाचवा जिन्नस



जबलपूर म्हणजे सिग्नलवाल्याचं दुसरं गाव. माझी रंगरूटी इथलीच. तेव्हा शहर दिसायचं ते रविवारच्या आऊटपासवर, आणि तेही सदर बाजारापुरतं. वीस वर्षांनी पुन्हा इथे पोस्टिंग आली, या खेपेला घरचे सोबत आहेत, तेव्हा कुठे जुनं शहर पायाखाली घातलं. त्यात सगळ्यात जास्त वेळा गेलो ते कमानिया गेटला.

कमान म्हणजे काय हे मराठी माणसाला सांगायला नको. सराफ्याच्या गर्दीत उभी असलेली ही कमान 1939 च्या त्रिपुरी काँग्रेसची आठवण म्हणून बांधलेली आहे. खालून हातगाड्या, ई-रिक्षा, लग्नाच्या खरेदीला आलेली कुटुंबं वाहत असतात. वर बघायला कुणाला फुरसत नसते. जवळच बडकुल यांची खव्याची जिलबी मिळते, रंगाने गुलाबजामसारखी, खाल्ली की दुपारच्या जेवणाची सुट्टी. पण आजचा लेख जिलबीचा नाही. संत्र्याच्या बर्फाचा आहे, आणि आमच्या एका सुभेदार साहेबांचा.

साहेब साताऱ्याकडचे, मला चार वर्षांनी सिनियर. गेल्या एप्रिलात त्यांचा लिव्हरचा रिपोर्ट आला आणि डॉक्टरांनी रम बंद करायला सांगितली. त्यांनी ती त्याच दिवशी बंद केली. पंचवीस वर्षांची सवय. कशी सोडली ते त्यांचं त्यांना माहीत.

आपल्याकडे दारू सोडलेल्या माणसाला पार्टीत काय देतात? पोरांच्या ट्रेमधलं कोल्ड्रिंक. वाईट कुणी वागत नाही. फक्त सगळे ग्लास एका बाजूला जमतात आणि हा माणूस दुसऱ्या बाजूला उरतो. दिवाळीत माझ्याच क्वार्टरवर हे झालं. साहेब अर्ध्या तासात उठून व्हरांड्यात गेले आणि तिथूनच घरी गेले, न जेवता. मला हे दुसऱ्या दिवशी कळलं. यजमान मी होतो.

म्हणून होळीला बोलवायचं ठरलं तेव्हा मी घरी म्हटलं, या वेळी काहीतरी वेगळं करू. सौ.ने मोबाईलवर कॉकटेलच्या चवीचं सॉर्बे पाहिलं होतं. सॉर्बे म्हणजे दूध नसलेलं आइसक्रीम. फळांचा रस, साखर आणि पाणी, बस्स. मी लगेच उत्साहाने रम पंचचं सॉर्बे करायला घेतलं. सव्वा लिटर रसात कँटीनची रम एक पव्वा ओतली आणि डबा फ्रीझरमध्ये ठेवला. दोन दिवस झाले तरी तो जमेना. चमचा घातला की चिखल.

कारण साधं आहे. पाणी शून्य अंशाला गोठतं, निव्वळ अल्कोहोल उणे 114 अंशाला. घरातला फ्रीझर जेमतेम उणे 18 पर्यंत जातो. आपल्या रममध्ये 42.8 टक्के अल्कोहोल असतं. लिटरभर रसात दोन-तीन मोठे चमचे घातली तर सॉर्बे मऊ होतं, पव्वा घातला तर ते जमतच नाही. साखरही हेच काम करते, पण सौम्यपणे. म्हणून सॉर्बेचं सगळं गणित साखरेवर असतं: एकूण वजनाच्या पाव हिस्सा साखर असली की ते दगडही होत नाही आणि पाणीही राहत नाही.

मी हे गणित सौ.ला समजावत होतो तेव्हा तिने एकच प्रश्न विचारला. "आणि भाऊजींना काय देणार? परत कोल्ड्रिंक?"

ज्या माणसासाठी बेत केला, त्यालाच चालणार नाही असा पदार्थ मी करत होतो. डबा बाजूला ठेवला आणि नेहमीप्रमाणे पुस्तकांकडे वळलो. प्रश्न असा होता: पंचातून दारू काढली तर त्याला पंच म्हणता येतं का?

पंच हा शब्द इंग्रजीत रुजला तो आपल्या किनाऱ्यांवरून. ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरांच्या पत्रव्यवहारात तो 1632 साली सापडतो. 1638 मध्ये मांडेल्स्लो नावाचा जर्मन प्रवासी सुरतेला आला, त्याने इंग्रजांच्या वखारीतल्या अशाच पेयाचं वर्णन केलंय: मद्य, गुलाबपाणी, लिंबाचा रस आणि साखर. आणि जॉन फ्रायर, जो 1673 मध्ये मुंबईला आला आणि पुढे जुन्नरलाही गेला, शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाबद्दल ज्याचं लिखाण आपण वाचतो, तोच हा डॉक्टर. त्याने गोव्याकडच्या अरकाबद्दल लिहिताना सांगितलं की, किनाऱ्यावरचे इंग्रज त्यापासून हे पेय करतात आणि नाव पडलं ते 'पाच' या देशी शब्दावरून, कारण जिन्नस पाच. काही भाषातज्ज्ञांना ही व्युत्पत्ती पूर्ण पटत नाही, पण साडेतीनशे वर्षं तीच सांगितली जाते.

ते पाच जिन्नस कोणते? मद्य, आंबट, गोड, पाणी आणि पाचवा मसाला. कुठे जायफळ, कुठे चहा. म्हणजे पाचातले चार आपल्या कुठल्याही घरात लिंबू सरबताला लागतात तेच. आणि सरबत हा शब्द तरी कुठला? अरबीत 'शरिबा' म्हणजे पिणे. त्यातून शरबत, तुर्कीतून तो इटलीत गेला तो सॉर्बेत्तो झाला, फ्रान्समध्ये सॉर्बे. आपलं सरबत आणि त्यांचं सॉर्बे ही एकाच आजीची नातवंडं. एक आपल्याकडे पातळ राहिलं, दुसरं युरोपात जाऊन गोठलं.

गोठवलेला पंचही युरोपने फार पूर्वी केला. 'पंच रोमेन' नावाचं हे बर्फाळ पंच मोठ्या जेवणात मध्येच, तोंड साफ करायला देत. 14 एप्रिल 1912 च्या रात्री टायटॅनिकच्या पहिल्या वर्गाच्या जेवणात ते होतं. काही तासांनी बर्फानेच घात केला.

आपल्याकडे अडचण होती ती बर्फाची. अकबराच्या दरबारात सोरा विरघळवलेल्या पाण्यात भांडी फिरवून पाणी गार करत आणि लाहोरला पहाडातून बर्फ येई, हे आईन-ए-अकबरीत आहे. अठराव्या शतकात अलाहाबादला इंग्रज लोक थंडीच्या रात्री उसाच्या चिपाडांवर मातीच्या पसरट थाळ्या मांडून त्यात पाणी ठेवत. पहाटे पापुद्र्यासारखा बर्फ जमे, तो खड्ड्यात साठवून उन्हाळ्यात काढत. 1833 मध्ये बोस्टनहून टस्कनी नावाचं जहाज बर्फ घेऊन निघालं. निघताना 180 टन होता, चार महिन्यांनी कलकत्त्यात पोचला तो साधारण 100 टन. दुसऱ्या वर्षी मुंबईत जमशेटजी जीजीभॉय यांनी मेजवानीत आइसक्रीम वाढलं आणि यजमानांसकट मंडळींना सर्दी झाली, म्हणून त्या काळच्या वर्तमानपत्राने चिमटा काढला.

मला यातून एवढंच दिसलं की बर्फ हा फार काळ वरच्या पंगतीचा पदार्थ होता. पंचाचं मात्र उलट होतं. ते एका मोठ्या वाडग्यात करायचं आणि त्यातूनच सगळ्यांना द्यायचं. वाडगा एक, पिणारे सगळे. आपल्या बड्या खान्याची भावनाही तीच: एक लंगर, एक जेवण, कमांडिंग ऑफिसरपासून नव्या रंगरूटापर्यंत.

मग संत्री आणायला कमानिया गेटला गेलो. मार्च म्हणजे मृग बहाराची संत्री. गाडीवाला पांढुर्ण्याचा निघाला, मराठी बोलणारा. भाव दहा रुपयांनी उतरला, तो मराठीमुळे की युनिफॉर्ममुळे हे विचारलं नाही.

त्या कमानीखाली पिशवी घेऊन उभा होतो आणि महिना आठवला. त्रिपुरीचं अधिवेशनही मार्चमधलंच, 1939 चं. पट्टाभी सीतारामय्यांना दोनशेहून अधिक मतांनी हरवून अध्यक्ष झालेले सुभाषबाबू तापाने फणफणलेले, त्यांना स्ट्रेचरवरून आणावं लागलं. भाषण त्यांचे बंधू शरदबाबूंनी वाचून दाखवलं. इंग्रजांना सहा महिन्यांची मुदत द्या, असं त्यात होतं. पक्षाने साथ दिली नाही. एप्रिलअखेर त्यांनी राजीनामा दिला. पुढे आझाद हिंद सेना.

आणि सात वर्षांनी, 27 फेब्रुवारी 1946 ला, याच जबलपुरात, माझ्याच ट्रेनिंग सेंटरमधले सतराशेहून अधिक सिग्नल जवान बराकींतून बाहेर पडले. मुंबईत नौसैनिकांचा उठाव नुकताच झाला होता, आझाद हिंद सेनेवरच्या खटल्यांची चीड होतीच. पण त्यांच्या तक्रारींची यादी वाचा: गोऱ्या शिपायाच्या मानाने कमी पगार, शिवीगाळ, आणि निकृष्ट जेवण. शहरात तिलकभूमी तलैय्यावर त्यांनी सभा घेतली. पुढे संगिनी चालल्या, माणसं जखमी झाली, कित्येकांना पेन्शनशिवाय घरी पाठवलं. ताटात काय वाढलं जातं आणि कसं वाढलं जातं, हा प्रश्न फौजेत कधीच छोटा नव्हता.

माझी गोष्ट त्यापुढे काहीच नाही. पण माझ्या घरी एक माणूस न जेवता गेला होता, एवढं मला पुरेसं होतं.

तर आता कृती. दहा-बारा संत्र्यांचा पाऊण लिटर रस काढा. बिया चिरडू नका आणि रस उकळू नका, कडू होतो. दीड कप पाण्यात दोन इंच आलं ठेचून, दालचिनीचा तुकडा आणि 250 ग्रॅम साखर घालून दोन उकळ्या आणा. आच बंद करून दोन चमचे चहापत्ती टाका, चार मिनिटांनी गाळा. पूर्ण गार झालं की रसात मिसळा. दोन लिंबं पिळा, चिमूटभर मीठ, थोडं जायफळ किसून. आधी चाखा: आत्ता जरा जास्तच गोड लागलं पाहिजे, कारण गोठल्यावर जिभेला गोडी कमी कळते. पसरट स्टीलच्या डब्यात फ्रीझरला लावा. दीड तासाने काट्याने कडा खरवडून मध्ये आणा, असं तीन-चार वेळा. शेवटी मिक्सरमधून एकदा फिरवून परत तासभर ठेवा. जुना लाकडी पॉट असेल तर उत्तमच. बर्फात खडे मीठ घातलं की तापमान उणे 20 च्या आसपास उतरतं आणि सॉर्बे अर्ध्या तासात होतं.

यात चहाचा तुरटपणा आणि आल्याचा झणका रमची जागा घेतात. एकाने रमचा इसेन्स सुचवला. तो घातला नाही. जो वास विसरायला एखाद्याने अकरा महिने घातले, तो त्याच्या वाटीत परत कशाला वाढायचा?

होळीला रंग खेळून, आंघोळी करून मंडळी आली. मी बाटली काढलीच नाही. मोठं पातेलं मध्ये ठेवलं आणि सगळ्यांना त्यातूनच वाढलं. साहेबांना, मेजर साहेबांना, पोरांना. साहेबांनी वाटी हातात घेतली आणि माझ्याकडे पाहिलं.

"यात काय आहे रे?"

"पंच आहे साहेब. पाचातले चार जिन्नस. पाचवा या घरात आज कुणालाच नाही."

त्यांनी चमचा तोंडात घातला, थोडा वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "आलं थोडं अजून चाललं असतं." आणि वाटी पुढे केली.

त्या रात्री ते जेवून गेले. साडेदहा वाजता, सगळ्यांत शेवटी. दुसऱ्या दिवशी वहिनींचा सौ.ला फोन आला, चहापत्ती कधी टाकायची ते विचारायला.

मंडळी, आपल्या ग्रुपमध्ये असा एखादा साहेब, एखादा उस्ताद नक्की असेल. पुढच्या गेट-टुगेदरला एकच पातेलं करून बघा.

जय हिंद.