वाळवंटातला गोंयचो सायब आणि पावसाची गाणी

जुन्या गोव्यातील बॉम जेझुस बासिलिका आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिलेली असते. तिथे चांदीच्या पेटीत संत फ्रान्सिस झेवियरचे शव ठेवलेले आहे. तीन डिसेंबरच्या फेस्ताला आणि साधारण दर दहा वर्षांनी होणाऱ्या शवप्रदर्शनाला सगळ्या धर्मांचे लोक रांगेत उभे राहतात. नोव्हेंबर २०२४ ते जानेवारी २०२५ या काळातले प्रदर्शन तर सर्वांच्या ताज्या आठवणीतले आहे. गोव्यात या संताला 'गोंयचो सायब' म्हणतात. याच सायबाच्या नावाचे अठराव्या शतकातले एक चर्च अमेरिकेत, अ‍ॅरिझोना राज्याच्या वाळवंटात उभे आहे, हे मात्र आपल्याकडे फारसे कुणाला ठाऊक नसते. ज्या गावात ते उभे आहे, तिथल्या लोकांची पावसाची गाणी त्या चर्चच्याही आधीपासूनची आहेत. चर्च कसे टिकले आणि गाणी कशी टिकली, या दोन्ही गोष्टी एकत्र ऐकल्या की आपल्या घरातल्या ओव्यांविषयी काही सुचते. म्हणून हा लेख.

चर्चचे नाव सान झेवियर देल बाक. टूसॉन शहराच्या दक्षिणेला सुमारे सोळा किलोमीटरवर, सांता क्रूझ नदीच्या काठी ते आहे. 'बाक' हा शब्द स्पॅनिश नव्हे. मूळ गावाचे नाव 'वाक'. त्या नावात पाण्याचा अर्थ आहे, कारण वाळूत लुप्त होणारी नदी इथे पुन्हा दिसते. हे गाव ओओधाम लोकांचे. बाहेरचे लोक त्यांना 'पापागो' म्हणत. १९८६ मध्ये त्यांनी ते नाव अधिकृतपणे टाकून 'तोहोनो ओओधाम', म्हणजे 'वाळवंटातली माणसे', हे स्वतःचे नाव पुन्हा घेतले.

आता प्रश्न असा की, गोव्यातला संत तिथे पोहोचला कसा? झेवियरचा मृत्यू ३ डिसेंबर १५५२ रोजी चीनच्या किनाऱ्याजवळच्या शांगच्वान बेटावर झाला, आणि १५५४ मध्ये त्याचे शव गोव्यात आणले गेले. त्यानंतर शंभरेक वर्षांनी, १६४५ मध्ये, आल्प्सच्या डोंगराळ मुलखातील सेन्यो गावी एउसेबियो किनो जन्मला. तरुणपणी तो गंभीर आजारी पडला आणि त्याने झेवियरला नवस बोलला. बरा झाल्यावर त्याने आपल्या नावात 'फ्रान्सिस्को' जोडले व तो जेझुइट झाला. झेवियरच्या वाटेने पूर्वेकडे, चीनला जावे, ही त्याची मनीषा होती. पण दोन जागा होत्या, एक पूर्वेची आणि एक मेक्सिकोची. चिठ्ठ्या टाकल्या, किनोच्या वाट्याला मेक्सिको आले. चीनचे स्वप्न पाहणारा हा पाद्री उरलेले आयुष्य सोनोराच्या वाळवंटात घोड्यावरून हिंडला. १६९२ मध्ये तो प्रथम बाकला आला, १७०० मध्ये त्याने तिथे एका चर्चचा पाया घातला आणि गावाला आपल्या लाडक्या संताचे नाव दिले. गहू आणि गुरेही त्यानेच त्या भागात आणली. १७११ मध्ये मग्दालेना गावी झेवियरच्याच नावाच्या प्रार्थनामंदिराच्या समारंभाला तो गेला आणि तिथेच वारला.

पुढे १७६७ मध्ये स्पेनच्या राजाने आपल्या साम्राज्यातून जेझुइटांना हाकलले. आठ वर्षांपूर्वी, १७५९ मध्ये, पोर्तुगालने आपल्या मुलखातून त्यांची हकालपट्टी केली होती आणि गोव्यातले जेझुइटही त्यातून सुटले नव्हते. म्हणजे पृथ्वीच्या दोन टोकांना एकच संघ एकाच दशकात उखडला गेला. बाकला त्यांच्या जागी फ्रान्सिस्कन पाद्री आले. आज दिसणारे चर्च त्यांच्या काळातले, १७८३ ते १७९७ दरम्यान बांधलेले. हुआन वेल्देर्राइन या पाद्र्याने एका पशुपालकाकडून ७,००० पेसो कर्जाऊ घेतले. तारण काय, तर पुढच्या वर्षांचे गव्हाचे पीक! १७९० मध्ये वेल्देर्राइन वारला आणि उरलेले काम हुआन योरेन्सने पुरे केले. इग्नासिओ गाओना हा मुख्य गवंडी मानला जातो. पण विटा भाजणारे, चुना मळणारे आणि घुमट चढवणारे हात ओओधामांचे होते. पूर्वेकडचा मनोरा अपुराच राहिला, तो आजही तसाच आहे.

मुलीकडे अमेरिकेत गेलो असताना हे चर्च पाहण्याचा योग आला. तपकिरी माळरानात, काटेरी निवडुंगांच्या मागे ती पांढरी वास्तू लांबूनच दिसते. दर्शनी भागावर एका बाजूला उंदीर आणि दुसऱ्या बाजूला मांजर कोरलेले आहे. मांजराने उंदीर पकडला की जगाचा अंत होणार, असे तिथले लोक सांगतात. आत रंगीत देवदूत, विटांवर गिलाव्याने घडवलेली भव्य वेदी आणि डाव्या अंगाला चादर पांघरून झोपलेला झेवियर. लोक रांगेने येतात, लाकडी मूर्तीचे डोके अलगद उचलतात आणि चादरीला पत्र्याचे छोटे हात, पाय, डोळे टाचतात. मूर्तीचे डोके उचलता आले नाही तर मनात काही खोट आहे, असा समज. ते टाचलेले डोळे पाहून मला आपल्या देवीपुढे नवसाचे वाहिलेले चांदीचे डोळे आठवले. बाहेर मैदानात ओओधाम बायका मोठ्या कढयांत मैद्याच्या पोळ्या तळून विकत होत्या. जत्रेचेच वातावरण.

पण त्या गावाचा खरा देव, म्हणावे तर, पाऊस. सोनोरा वाळवंटाला आपल्यासारखाच मोसमी पाऊस मिळतो, जुलैच्या सुमारास. त्याआधी, जूनमध्ये, 'सावारो' या उंच खांबासारख्या निवडुंगाची लाल फळे पिकतात. लांब काठ्यांनी ती पाडायची, रस आटवायचा आणि त्याचे मद्य होईपर्यंत रात्रभर गात राहायचे. मद्य आंबते तसे ढग खाली येतात, अशी श्रद्धा. ओओधामांचे नवे वर्षही याच पावसाने सुरू होते. ही गाणी चार-पाच ओळींची, हळू आवाजात म्हणायची. त्यांत मागणे फारसे नसते. ढग आलेत, वारा सुटलाय, जमीन भिजतेय, मका वर येतोय, असे सगळे घडून गेल्यासारखे सांगायचे, म्हणजे ते घडते. रुथ अंडरहिल या अभ्यासिकेने १९३८ च्या आपल्या पुस्तकात हे नीट मांडले. गाणे कुणी रचत नाही, ते स्वप्नात मिळते, असेही हे लोक मानतात.

मिशनऱ्यांना हा मद्याचा सण साहजिकच खपत नव्हता. १८५४ पर्यंत हा मुलूख मेक्सिकोकडून अमेरिकेकडे गेला, तेव्हा नव्या सरकारचे धोरणही कठोर होते. १८८३ च्या नियमांनी आदिवासींचे नाच आणि विधी गुन्हा ठरवले. मुलांना वसतिशाळांत नेऊन त्यांच्या तोंडची भाषा बंद केली गेली.

गोव्यातल्या वाचकाला हे परके वाटू नये. १६८४ मध्ये गोव्याच्या व्हाइसरॉयने कोंकणी वापरावर बंदीचा हुकूम काढला. १७३६ मध्ये इन्क्विझिशनने जाहीरनामा काढून लग्नातल्या चालीरीतींवर निर्बंध घातले, त्यांत लग्नघरी गायच्या ओव्याही होत्या. पण याच गोव्यात त्याआधी, १६१६ मध्ये, थॉमस स्टीफन्स या इंग्रज जेझुइटाने 'ख्रिस्तपुराण' लिहिले, तेही मराठीत आणि ओवी छंदात. लोकांच्या मनापर्यंत जायचे तर त्यांच्याच छंदातून, हे त्याने ओळखले होते. तोच छंद पुढे लग्नघरी मना झाला. तरी ओवी संपली नाही. जात्यापाशी, पाळण्यापाशी, बायकांच्या तोंडी ती राहिली. हुकूम वाचून दाखवणारा चौकात उभा असायचा, स्वयंपाकघरात त्याला कोण विचारत होते?

बाकच्या चर्चलाही बायकांनीच सांभाळले म्हणता येईल. मेक्सिको स्वतंत्र झाल्यावर १८३७ पर्यंत तिथला शेवटचा पाद्रीही गेला आणि पुढे कित्येक वर्षे तिथे कायमचा पाद्री नव्हता. गावकऱ्यांनी पूजेची चांदीची भांडी आपापल्या घरांत जपून ठेवली. १८६४ मध्ये जे. रॉस ब्राउन हा प्रवासी तिथे आला. चर्चमध्ये गाणाऱ्या ओओधाम बायकांच्या आवाजातला गोडवा ऐकून आपण थक्क झालो, असे त्याने नोंदवले आहे. पाद्री नव्हता, पण गाणे होते. म्हणजे या लोकांनी दोन्ही गाणी सांभाळली, पावसाची त्यांची स्वतःची आणि वेदीपुढची, बाहेरून आलेली पण त्यांनी आपली केलेली. मिशनऱ्यांनी आणलेले व्हायोलिनही त्यांनी असेच आपलेसे केले. त्यावर पोल्का वाजवून त्यांनी 'वायला' नावाचे स्वतःचे नृत्यसंगीत उभे केले. हा शब्द स्पॅनिश 'बाइले', म्हणजे नाच, यावरून आला.

१९२० मध्ये फ्रान्सिस डेन्समोर ही संशोधिका मेणाच्या नळकांड्यांवर आवाज मुद्रित करणारे यंत्र घेऊन या भागात आली. सान झेवियर गावातही तिने गाणी मुद्रित केली आणि १९२९ मध्ये त्यांचे पुस्तक प्रसिद्ध झाले. तिच्या नोंदींतली एक गोष्ट आपल्याला फार ओळखीची वाटेल. या लोकांचा ढोल म्हणजे घरातली विणलेली टोपली. पालथी घालायची आणि तळहाताने वाजवायची. काम झाले की त्याच टोपलीत धान्य. डेन्समोरने आयुष्यभरात वेगवेगळ्या जमातींची दोन हजारांहून अधिक गाणी मुद्रित केली. १९७९ पासून अमेरिकेच्या राष्ट्रीय ग्रंथालयाने अशा नळकांड्यांवरचे आवाज फितींवर उतरवून त्या त्या जमातींना परत द्यायला सुरुवात केली.

आवाज परत मिळाला, म्हणजे गाणे परत मिळाले का? याचे उत्तर मला चर्चच्या भिंतीत सापडले. विसाव्या शतकात चर्च टिकावे म्हणून त्याच्या बाहेरून सिमेंटचा लेप दिला गेला. हेतू चांगला होता. पण सिमेंट श्वास घेत नाही. फटींतून आत शिरलेले पाणी बाहेर पडेना, आतल्या विटा मऊ होऊन झडू लागल्या आणि १९८० च्या दशकाच्या अखेरीस आतली चित्रे धोक्यात आली. मग सिमेंट काढून जुन्याच पद्धतीचा चुना-वाळूचा गिलावा केला, त्यात फड्या निवडुंगाचा चिकट रस घातला. आपल्याकडे वाड्यांच्या चुन्यात गूळ, हिरडा, बेलफळाचा गर घालत, तसेच हे. १९९२ ते १९९७ या काळात आतली चित्रे आणि मूर्ती साफ करायला युरोपातून तज्ज्ञ आले. त्यांच्या हाताखाली गावातली ओओधाम मुले हे काम शिकली. चुन्याचा गिलावा पुन्हा पुन्हा द्यावा लागतो. म्हणूनच हे कौशल्य गावात राहणे भाग आहे.

गाण्याचेही असेच आहे. त्याला बाहेरून लेप देऊन ठेवले की ते आतून झडते. महाराष्ट्रात हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी गावोगावच्या बायकांकडून एक लाखाहून अधिक जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. हे काम फार मोठे आहे, आणि साने गुरुजींपासून सरोजिनी बाबरांपर्यंत ज्यांनी आधी हे केले त्यांचे ऋणही तेवढेच मोठे. पण जाते गेले आणि ओवीचे रोजचे काम गेले. काम गेलेले गाणे संग्रहात सुरक्षित राहते, तोंडात राहात नाही. ओओधामांना हे कळले आहे. ओफेलिया झेपेडा यांनी आपल्या मातृभाषेचे व्याकरण १९८३ मध्ये लिहिले, पण तेवढ्यावर न थांबता त्या भाषेत नव्या कविता लिहिल्या, इतरांकडून लिहवून घेतल्या. फळे पाडण्याचा हंगामही दर जूनमध्ये काही कुटुंबे पाळतात.

आपल्याकडचे उदाहरण घुमटाचे. त्याला घोरपडीचे कातडे लागे. वन्यजीव कायद्याने ते बंद झाले, तेव्हा हे वाद्य जाणार असे वाटले. पण चवथीची आरती घुमटाशिवाय होत नाही, म्हणून लोकांनी बकऱ्याचे कातडे लावून पाहिले, आणि २०१९ मध्ये ते गोव्याचे वारसा वाद्य म्हणून जाहीर झाले. घुमट टिकले, कारण आरतीला ते हवे होते.

आपल्या उत्सवात फुगडीची स्पर्धा होते, ओव्यांचा कार्यक्रम होतो, टाळ्या पडतात, बक्षिसे मिळतात. ते चालू राहावे. पण मला वाटते, गाण्याला त्याचे काम परत देण्याची जागा रंगमंचापेक्षा घर आहे. या चवथीला आरती आटोपली की घरातल्या आजीला किंवा मावशीला एक ओवी म्हणायला सांगावी. ती कुणाकडून शिकली, कोणत्या गावात, कोणत्या कामाच्या वेळी म्हणत असत, हेही विचारावे. फोनवर जरूर मुद्रित करावे. पण दुसऱ्या दिवशी नातवंडाला झोपवताना किंवा मोदकांचे सारण करताना तीच ओवी आपण म्हणून पाहावी. चाल थोडी चुकेल, एखादा शब्द आपला घुसेल. त्याची चिंता नको. ती आजी सांगेल, नाही, असे नाही, असे म्हण. आणि ती स्वतः पुन्हा म्हणून दाखवील.