एका भूमिकेचे दोन धनी

माटुंग्याच्या आमच्या घरापासून परळ फार दूर नाहीं. तेथें १९४२ सालीं व्ही. शांताराम यांनीं राजकमल कलामंदिर उभें केलें, आणि तेथल्या चित्रपटांतून केशवराव दाते या थोर नटानें आपल्या उतारवयांतल्या भूमिका केल्या. ही गोष्ट आम्हीं एकदां वर्गांत सहज सांगितली, तेव्हां दात्यांचें नांव ऐकलेला एकही विद्यार्थी निघाला नाहीं. दोष त्या मुलांचा नव्हे. चरित्रनटाच्या कपाळीं विस्मृति लिहिलेलीच असते, असें म्हणून हा प्रश्न पुष्कळदां मिटविला जातो. आमचें मत निराळें आहे. दात्यांची स्मृति पुसट होण्यास त्या काळची चित्रनिर्मितीची एक पद्धतही कारण झाली, आणि तिचा विचार इतिहासकारानें करावयास हवा.

दात्यांचा जन्म १८८९ चा. महाराष्ट्र नाटक मंडळींत स्त्रीभूमिका करीत ते तयार झाले. संगीत नाटकाच्या त्या भरभराटीच्या युगांत ही मंडळी गद्य नाटकें करी. त्यामुळें तेथल्या नटाला केवळ शब्द आणि मुद्रा यांच्या बळावर सभा जिंकावी लागे. पुढें १९३३ सालीं नाट्यमन्वंतरानें 'आंधळ्यांची शाळा' रंगभूमीवर आणलें, त्यांतही दाते अग्रभागीं होते. आवाज चढवून टाळी घेण्यापेक्षां हळू बोलून मनाचा ठाव घेण्याची ही विद्या कॅमेऱ्याला चांगलीच मानवणारी होती.

बोलपट आला आणि भाषेचा पेच पडला. त्यावर उपाय म्हणून एकाच सेटवर, एकाच कथेचे, दोन भाषांतले दोन चित्रपट काढले जाऊं लागले. अमेरिकेंतही १९३१ चा 'ड्रॅक्युला' दिवसा इंग्रजींत आणि रात्रीं त्याच सेटवर निराळ्या नटांकडून स्पॅनिशमध्यें चित्रित झाला. आपल्याकडे प्रभातनें हाच मार्ग धरला. १९३४ च्या 'अमृतमंथना'तील राजगुरु मराठींत दात्यांनीं केला, हिंदींत चंद्रमोहन यांनीं. १९४१ च्या 'शेजारी'तील पाटील दात्यांचा. हिंदी 'पडोसी'तील ठाकूर मजहर खान यांचा. हिंदी प्रतीचा प्रेक्षक साऱ्या देशांत पसरलेला, मराठी प्रतीचा मुख्यतः महाराष्ट्रापुरता. म्हणून राजगुरु म्हटला कीं लोकांस चंद्रमोहन यांचे डोळे आठवतात. आम्हीही बरींच वर्षें त्याच लोकांपैकीं होतों, हें कबूल करणें प्राप्त आहे.

१९३७ च्या 'कुंकू'ची गोष्ट मात्र वेगळी. त्यांतील काकासाहेब मराठींत व हिंदी 'दुनिया न माने'मध्यें, दोन्हीकडे, दात्यांचेच आहेत. तरुण नीरेशीं तिच्या मनाविरुद्ध लग्न झालेला हा म्हातारा वकील. दुसऱ्या एखाद्या नटानें त्याला खलपुरुष तरी केला असता, नाहीं तर विदूषक. दात्यांनीं त्याला आपल्या चुकीची हळूहळू जाणीव होणारा, स्वतःशींच लाजणारा माणूस केला. त्याचा तिरस्कार करूं जावें तर कींव येते. कींव करूं जावें तर अपराध डोळ्यांआड होत नाहीं. अखेर नीरेला मोकळी करून तो स्वतःचा अंत करून घेतो, तेव्हां प्रेक्षकाला सुटल्यासारखें वाटत नाहीं. शांता आपटे यांच्या नीरेचें बंड आजही पोकळ वाटत नाहीं, याचें निम्में श्रेय आम्ही दात्यांना देऊं. कारण समोर उभा असलेला अन्याय खरा असल्यावांचून त्याच्याशीं दिलेली झुंज खरी वाटत नाहीं.

पुढें राजकमलच्या 'झनक झनक पायल बाजे' (१९५५) मध्यें त्यांनीं नृत्यगुरु मंगल महाराज उभा केला. १९७१ सालीं ते निवर्तले.

आमचें म्हणणें इतकेंच कीं, द्विभाषी चित्रपटांचा इतिहास लिहितांना दोन्ही प्रती शेजारीं ठेवून वाचाव्यात. यांत चंद्रमोहन किंवा मजहर खान यांचें कांहींच उणें होत नाहीं. परंतु ज्या भूमिकेचे धनी दोन, तिच्या उताऱ्यावर एकाचेंच नांव चढवून दुसऱ्याचें गाळणें याला इतिहास म्हणतां येणार नाहीं.